दिनविशेषाचा फळा कसा लिहावा: सोलापूरची १२ जानेवारी हाताशी धरून

सोलापुरात वर्षभरातला सगळ्यात अवघड फळा १२ जानेवारीचा. जिजाऊंचा जन्म त्याच तारखेला, विवेकानंदांचाही त्याच तारखेला, आणि १९३१ साली आपल्या चार हुतात्म्यांना येरवड्यात फाशी दिली तीही त्याच तारखेला. त्यात शहरात सिद्धेश्वराच्या यात्रेची गडबड, होम मैदानावर गड्ड्याचे, म्हणजे यात्रेतल्या जत्रेचे, पाळणे उभे राहिलेले, नंदीध्वजांच्या मिरवणुकीची तयारी चाललेली. फळा मात्र तेवढाच, चार बाय तीनचा. वाचनालयाच्या दारातला असो, शाळेच्या व्हरांड्यातला असो की सोसायटीच्या जिन्याखालचा, त्यावर धडपणे पाच-सहा ओळी मावतात.

अशा फळ्यासाठी बहुतेक जण सकाळी फोन उघडतात, कुठून तरी आलेली पंधरा ओळींची यादी उतरवतात आणि मोकळे होतात. त्या यादीत गावाचं नाव नसतं, निम्म्या तारखांची शहानिशा झालेली नसते, आणि तीच यादी त्या दिवशी वाचणाऱ्याच्याही फोनवर आलेली असते. मग तो फळ्यापुढे कशाला थांबेल? थांबेल असा फळा करायचा तर थोडं काम आदल्या आठवड्यात करावं लागतं. ते कसं करायचं ते इथे क्रमाने सांगतो. उदाहरणं बहुतेक १२ जानेवारीचीच घेतो, कारण तारखांचे जेवढे म्हणून घोळ असतात ते सगळे या एका दिवसात सापडतात.

पहिलं काम: गावापासून सुरुवात

जगाच्या यादीतून गावाकडे येऊ नका, गावाकडून जगाकडे जा. आधी आपल्या शहराची आणि जिल्ह्याची नोंद शोधायची, ती सापडली की तिच्या शेजारी बाकीच्या ठेवायच्या.

सोलापूरकरांना यात कमी पडत नाही. १९३० सालचा मे महिनाच घ्या. गांधीजींच्या अटकेची बातमी आली, शहर पेटलं, ८ मे रोजी गोळीबार झाला, पुढचे काही दिवस इंग्रजांचा अंमल शहरात नावालाही उरला नाही, आणि १२ मे रोजी मार्शल लॉ पुकारला गेला. पुढे पोलिसांच्या खुनाच्या आरोपाखाली खटला चालला आणि मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी फाशी झाली. म्हणजे एकाच प्रकरणातून निदान तीन तारखांच्या नोंदी तयार होतात. १२ मे ही फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांची जन्मतारीख, १८२०ची, म्हणून तो परिचारिका दिनही असतो. मार्शल लॉ आणि परिचारिका दिन एका फळ्यावर आले तर येऊ द्यावेत.

डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचा जन्म सोलापूरचा, १० ऑक्टोबर १९१०. भैय्या चौकातलं त्यांचं स्मारक सगळ्यांना माहीत आहे. बरोबर एक वर्षाने, १० ऑक्टोबर १९११ रोजी, चीनमध्ये वुचांगला उठाव झाला आणि त्यातून तिथली शेकडो वर्षांची बादशाही संपली. पुढे १९३८ साली कोटणीस भारतीय वैद्यकीय पथकातून त्याच चीनमध्ये गेले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी तिथेच वारले. या दोन तारखांचा एकमेकींशी काडीचा संबंध नाही. तरी दोन ओळी एकाखाली एक लिहा, वाचणारा दुसऱ्यांदा वर बघतोच. तिथे ‘काय हा योगायोग!’ असं लिहायची गरज नाही. ते त्याचं त्याला कळू द्या.

माहिती कुठे मिळेल? हिराचंद नेमचंद वाचनालयात बसून जिल्ह्याचं गॅझेटिअर चाळा. मराठी विश्वकोश आता इंटरनेटवर फुकट वाचता येतो. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना जरूर विचारा, पण त्यांनी सांगितलेली तारीख छापील कागदाशी जुळवून घ्या. स्मारकाच्या चौथऱ्यावरची पाटी वाचताना एक सांभाळायचं: तिच्यावर ठळक अक्षरात असते ती पुष्कळदा अनावरणाची तारीख, घटनेची नव्हे. आणि मंत्र्याचं नाव हुतात्म्यापेक्षा मोठ्या अक्षरात असतं, त्यामुळे नजर आधी तिकडेच जाते.

दुसरं काम: कार्ड किंवा वही

प्रत्येक तारखेला एक पोस्टकार्डाएवढं कार्ड करा. कार्डावर पाच गोष्टी हव्यात: साल, घटना एका वाक्यात, ठिकाण, तारीख कोणत्या कालगणनेतली, आणि माहिती कुठून घेतली. शेवटचे दोन रकाने लोक गाळतात आणि दुसऱ्या वर्षी पस्तावतात.

एक्सेलमध्ये करणार असाल तर तारखेचा रकाना आधीच ‘टेक्स्ट’ करून ठेवा. १९०० सालाआधीच्या तारखा एक्सेलला तारीख म्हणून ओळखताच येत नाहीत, आणि नंतरच्या तारखांत दिवस-महिना उलटा करून तो परस्पर घोळ घालतो. त्यापेक्षा महिना आणि दिवस जोडून चार आकडी खूण लिहा: १२ जानेवारीला ०११२, १० ऑक्टोबरला १०१०. यावर क्रम लावला की सगळं वर्ष ओळीने उभं राहतं. साल वेगळ्या रकान्यात.

तिसरं काम: ही तारीख कोणत्या कालगणनेतली?

इथे घाई करू नका, कारण दिनविशेषांतल्या बहुतेक चुकांचं मूळ इथेच असतं.

आपण आज वापरतो ती ग्रेगोरियन कालगणना. ती १५८२ साली सुरू झाली. रोममध्ये त्या वर्षी ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर उजाडला. पोर्तुगीजांनी ती लगेच घेतली. इंग्रजांनी मात्र १७५२ सालापर्यंत जुनी ज्युलियन तारीख चालवली आणि मग २ सप्टेंबरनंतर एकदम १४ सप्टेंबर लिहिला. त्यामुळे शिवकाळात एकाच दिवशी घडलेल्या गोष्टीबद्दल इंग्रजांच्या वखारीतल्या पत्रावर एक तारीख आणि गोव्याच्या पोर्तुगीज पत्रावर दहा दिवस पुढची तारीख दिसते. खोटं कोणीच लिहिलेलं नसतं.

आपल्या शिवकालीन तारखा मूळ तिथींवरून काढलेल्या आहेत, आणि रूढ झाल्या त्या बहुधा ज्युलियन. शिवाजी महाराजांचा जन्म फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. त्याची १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख ज्युलियन आहे, ग्रेगोरियनने तो दिवस १ मार्च येतो. राज्याभिषेकाचंही तेच: ६ जून १६७४ ज्युलियन, १६ जून ग्रेगोरियन.

आता जिजाऊ. जन्म पौष पौर्णिमा, शके १५१९, सिंदखेडराजा. रूढ तारीख १२ जानेवारी १५९८. ही कोणत्या गणनेतली, ते चंद्रालाच विचारता येतं. स्टेलॅरियम नावाचं आकाश दाखवणारं मोफत सॉफ्टवेअर आहे, ते १५८२ नंतरच्या तारखा ग्रेगोरियन धरतं. त्यात १२ जानेवारी १५९८ टाका: आकाशात अर्धासुद्धा न भरलेला चंद्र दिसेल. २२ जानेवारी टाका, पौर्णिमा दिसेल. म्हणजे १२ जानेवारी ही ज्युलियन तारीख आहे. काटेकोर बोलायचं तर जिजाऊंची १२ जानेवारी आणि विवेकानंदांची १२ जानेवारी या दोन वेगळ्या कालगणनांतल्या तारखा आहेत, वर्षातला तो एकच दिवस नव्हे.

मग फळ्यावर काय लिहायचं? माझं मत स्पष्ट आहे: लोकांत रूढ आहे तीच तारीख लिहा, आणि पुढे तिथी व शक द्या. सगळा महाराष्ट्र १२ जानेवारीला जिजाऊ जयंती करतो. तिथे आपण २२ तारीख लावून शहाणपणा दाखवला तर फळ्यापुढे भांडणं तेवढी होतील. तिथी लिहिली की जाणकाराला कळतं, बाकीच्यांचं काही अडत नाही. ‘ज्युलियन’ हा शब्द कार्डावर असू द्या, फळ्यावर नको.

तिथीसाठी पंचांग लागतं, आणि दाते पंचांग निघतं तेच मुळी आपल्या सोलापुरातून. चालू वर्षाचं कुठल्याही दुकानात मिळतं. जुन्या वर्षांची पंचांगं ज्या घरी माळ्यावर पडून असतील, त्या घराशी ओळख वाढवा.

संक्रांतीचं प्रकरण वेगळं, पण सोलापूरकराने समजून घ्यावं असं. आपली यात्रा संक्रांतीभोवती असते आणि संक्रांत म्हणजे १४ जानेवारी हे डोक्यात पक्कं बसलेलं असतं. प्रत्यक्षात संक्रांत सुमारे ७० वर्षांत एक दिवस पुढे सरकते, कारण आपलं निरयन वर्ष, म्हणजे ताऱ्यांच्या आधारे मोजलेलं वर्ष, इंग्रजी वर्षापेक्षा थोडं मोठं आहे. विवेकानंदांचा जन्म मकर संक्रांतीचा, आणि ती संक्रांत १८६३ साली १२ जानेवारीला होती. अजून मागे गेलं तर ती अजून अलीकडे येते. म्हणून ‘पानिपतची लढाई संक्रांतीच्या दिवशी झाली’ हे वाक्य फळ्यावर कधीही लिहू नका. लढाई १४ जानेवारी १७६१ची, ही तारीख बरोबर आहे. पण हिशोब केला तर त्या वर्षीची संक्रांत १० जानेवारीच्या सुमारास येते, म्हणजे लढाईआधीच होऊन गेलेली. ‘मराठ्यांवर संक्रांत आली’ हा वाक्प्रचार म्हणून ठीक आहे, दिनविशेष म्हणून नाही.

चौथं काम: मध्यरात्र आणि लांबचे देश

इंग्रजी तारीख रात्री बाराला बदलते, पंचांगाचा दिवस सूर्योदयाला. मधल्या सहा तासांत घडलेल्या गोष्टींना म्हणून दोन-दोन तारखा चिकटतात. टिळक गेले ते ३१ जुलै १९२०ची मध्यरात्र उलटल्यावर, म्हणून १ ऑगस्ट. गांधीजींना कराडीला पकडलं तेही मध्यरात्रीनंतर, म्हणून ५ मे १९३०, जरी जुन्या आठवणींत ‘चार तारखेच्या रात्री’ असं येत असलं तरी.

आपल्या भागातलं सगळ्यात ठसठशीत उदाहरण किल्लारीचं. अनंत चतुर्दशी २९ सप्टेंबर १९९३ला होती. गणपती बोळवून लोक उशिरा झोपले आणि पहाटे तीन वाजून छप्पन्न मिनिटांनी जमीन हलली. सोलापुरातही लोक अंथरुणं टाकून रस्त्यावर आले. आजही कुणाला विचारा, ‘विसर्जनाच्या रात्री’ असंच सांगतील, आणि पंचांगाच्या हिशोबाने ते चूक नाही, सूर्य उगवायचाच होता. फळ्यावर मात्र ३० सप्टेंबर.

परदेशातल्या घटनेला ती जिथे घडली तिथली तारीख लावायची, हा साधा नियम ठेवा. हैतीचा मोठा भूकंप १२ जानेवारी २०१०चा, तिथे संध्याकाळचे पावणेपाच वाजून गेले होते. आपल्याकडे १३ तारखेची पहाट होती, तरी कार्ड १२ जानेवारीतच जाईल. चंद्रावर माणूस उतरला तेव्हा आपल्या घड्याळात मध्यरात्र उलटून २१ जुलै १९६९ लागली होती, पण जग २० जुलै म्हणतं. चंद्राची स्वतःची तारीख नसल्यामुळे इथे जगाबरोबर चाललेलं बरं.

काही घटना एका दिवसात संपतच नाहीत. हैदराबादची पोलीस कारवाई १३ सप्टेंबर १९४८ रोजी सुरू झाली. मुख्य फौज सोलापूरकडून नळदुर्गवर गेली. १७ तारखेला निजामाने शस्त्रं खाली ठेवली, १८ला रीतसर शरणागती झाली. मराठवाड्यात १७ सप्टेंबर साजरा होतो आणि तो व्हायलाच हवा. सोलापूरच्या फळ्याला मात्र १३ तारीख जास्त जवळची, कारण रणगाडे इथून गेले. १७ सप्टेंबरला आपल्या जिल्ह्याची आणखी एक नोंद आहेच: चित्रकार हुसेन यांचा जन्म, पंढरपूर, १९१५.

जन्मतारखांबद्दल एवढंच: जुन्या माणसाची जन्मतारीख १ जून दिसली की सावध व्हा. गुरुजींनी शाळेत नाव घालताना टाकलेली ती तारीख असायची शक्यता मोठी. एक जूनला जन्मलेल्यांची नुसती आपल्या जिल्ह्यातली यादी केली तरी फळा पुरणार नाही.

पाचवं काम: वाराने ताळा करा

जुन्या पत्रात किंवा आठवणींत तारखेबरोबर वार दिलेला असेल तर ताळा करायला तो फार उपयोगी. हिशोब तोंडी होतो. सालाचे शेवटचे दोन आकडे घ्या, त्यांना चारने भागून येणारा पूर्णांक त्यात मिळवा, महिन्याचा अंक मिळवा, दिवस मिळवा, सातने भागा आणि बाकी बघा. बाकी १ म्हणजे रविवार, २ सोमवार, असं करत ० म्हणजे शनिवार. महिन्यांचे अंक जानेवारीपासून ओळीने: १, ४, ४, ०, २, ५, ०, ३, ६, १, ४, ६. एकोणीसशेच्या सालांना हे जसंच्या तसं लागू. अठराशेच्या सालांना २ जास्त मिळवा, दोन हजारांच्या सालांना १ वजा करा. लीप वर्षाच्या जानेवारी-फेब्रुवारीलाही १ वजा.

चार हुतात्म्यांची तारीख लावून बघू. साल ३१, त्याला चारने भागून ७, जानेवारीचा १, दिवस १२. बेरीज ५१. सातने भागून बाकी २. सोमवार. विवेकानंदांसाठी ६३, १५, १, १२ आणि अठराशेचे २, बेरीज ९३, बाकी पुन्हा २. तोही सोमवार.

वार जुळला म्हणजे तारीख बरोबरच असं नाही. वार जुळला नाही तर मात्र तारीख किंवा वार यांतलं एक नक्की चूक. इंग्रजांच्या १७५२ आधीच्या कागदांना आणि शिवकालीन रूढ तारखांना हा हिशोब लावू नका, ज्युलियन तारखेला तो चालत नाही.

सहावं काम: गाळणं

१२ जानेवारीला माझ्या मते पाचच ओळी. पहिली चार हुतात्म्यांची. दुसरी सूर्य सेन यांची: चितगावच्या शस्त्रागारावर १८ एप्रिल १९३० रोजी हल्ला करणाऱ्यांचे नेते, त्यांना १२ जानेवारी १९३४ रोजी चितगावच्या तुरुंगात फाशी झाली. त्यांच्याबरोबर तारकेश्वर दस्तीदार होते. चितगाव एप्रिलचं, सोलापूर मेचं, एकाच उन्हाळ्यातली दोन गावं. त्या काळाचा धागा इथे खरा आहे, फाशीची तारीख तेवढी योगायोगाने तीच आली. सोलापूरच्या मुलाला ही ओळ बाकी कुठे वाचायला मिळणार नाही, म्हणून ती ठेवायचीच. मग जिजाऊ, मग विवेकानंद, आणि जागा उरली तर हैती.

सालाच्या क्रमाने लिहिलं तर १५९८ वर येतं आणि आपले चौघे मध्येच कुठेतरी हरवतात. आपल्या फळ्यावर आपलं गाव वर असावं, असं मला वाटतं. दुसऱ्या गावच्या माणसाने त्याच्या गावचं वर लिहावं.

नटनट्यांचे वाढदिवस, ‘जागतिक अमुक दिन’ आणि कुठल्या तरी कंपनीने काढलेले दिवस बेलाशक गाळा. राष्ट्रीय युवा दिन चालेल, कारण तो विवेकानंदांच्याच ओळीत बसतो. सरकारने १९८४ साली ठरवलं आणि १९८५ पासून तो पाळला जातो.

सातवं काम: वाक्य

साल, नाव, काय झालं, कुठे. बस्स. विशेषणं काढून टाका. ‘थोर, महान, धगधगते’ यांनी ओळ लांबते आणि माहिती वाढत नाही. चौघांची नावं पूर्ण लिहा, ‘धनशेट्टी व इतर तीन’ असं कधीही नको. फाशीच्या दिवसाला ‘हार्दिक शुभेच्छा’ देणारे संदेश दर वर्षी फिरतात. ते वाक्य फळ्यावर आलं तर लिहिणाऱ्याचीच लाज जाते.

फळ्यावर मजकूर असा उतरेल:

१९३१: सोलापूरचे मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे, अब्दुल रसूल कुर्बान हुसेन यांना येरवडा तुरुंगात फाशी.
१९३४: चितगावचे क्रांतिकारक सूर्य सेन यांना फाशी.
१५९८: जिजाऊंचा जन्म, सिंदखेडराजा (पौष पौर्णिमा, शके १५१९).
१८६३: स्वामी विवेकानंदांचा जन्म, कलकत्ता.
२०१०: हैतीत भूकंप.

फळा आणि खडू

आदल्या संध्याकाळी लिहा, सकाळी लिहिणाऱ्याची घाई अक्षरात दिसते. फळा ओल्या फडक्याने पुसून पूर्ण वाळू द्या. खडू साखरेच्या पाण्यात थोडा वेळ भिजवून, निथळून वापरला तर अक्षर ठसठशीत उठतं, भुकटी पडत नाही आणि येणाऱ्या-जाणाऱ्याच्या बाहीने पुसलं जात नाही. पुसताना मात्र ओलं फडकं लागतं. तारीख पिवळ्या खडूने, बाकी सगळं पांढऱ्याने. लाल खडू काळ्या फळ्यावर लांबून दिसत नाही, तरी लोकांना तोच का आवडतो कोण जाणे. लिहून झालं की रस्त्याच्या पलीकडे जाऊन वाचा आणि नावं दुसऱ्या कुणाकडून तपासून घ्या. स्वतःची चूक स्वतःला दिसत नाही.

पुसण्याआधी फळ्याचा फोटो काढा आणि कार्डं परत डब्यात जागेवर लावा. डब्यात २९ फेब्रुवारीचंही कार्ड असू द्या. मोरारजी देसाईंचा जन्म १८९६ सालच्या त्या तारखेचा, आणि १९०० हे लीप वर्ष नसल्याने ती तारीख त्यांना पुन्हा भेटली थेट १९०४ साली. एरवीच्या वर्षी हे कार्ड २८ तारखेला लावायचा मोह होतो. तो टाळा. २८ फेब्रुवारीला रामन परिणामाच्या शोधाचा विज्ञान दिन असतो, शाळांचे फळे त्यानेच भरलेले असतात. मोरारजींचं कार्ड चार वर्षांनीच काढा.